कोऱ्या कागदावरचा पंच

खडपवाडीच्या हिरामण तांडेलाला सगळे हिरामण पंच म्हणत, आणि त्याला ते मनापासून आवडे. मांडव्याच्या दक्षिणेला, खडकांच्या आडोशाला बसलेली ती साठ-सत्तर घरांची कोळ्यांची वाडी. तिथे होडी हाकणारे तांडेल बख्खळ होते, पंच मात्र एकच होता.

हे पंचपण त्याला मिळालं ते गुडघ्यामुळे. ऐन चाळिशीत नांगराचा दोर पायात अडकला, गुडघा कायमचा वाकडा झाला आणि होडीवरचं जाणं संपलं. मग हिरामण किनाऱ्यावरच्या उंडीच्या झाडाखाली बसून लोकांची जाळी सांधू लागला. तिथून सगळा किनारा दिसे. दर्यानं काही बाहेर टाकलं, फळी, नारळ, डबा, की पहिली नजर त्याची. स्वातंत्र्य मिळालं त्याच्या पुढच्या वर्षी दर्यानं एक बुडालेला माणूस टाकला. फौजदार आले, पंच हवेत म्हणाले, आणि क्षणात अख्खी वाडी घरात गडप झाली. पंच व्हायचं म्हणजे कोर्टात खेटे घालायचे, हे कुणाला ठाऊक नव्हतं? हिरामणलाही ठाऊक होतं, पण त्याला पळता येईना.

एकदा झाला आणि मग त्यातली गोडी लागली. फौजदार त्याला ‘या हिरामणराव’ म्हणत, बसायला खुर्ची देत, चहा पाजत. नऊ वर्षांत अकरा प्रेतांचे पंचनामे त्यानं केले. केले म्हणजे काय, तर अंगठा दिला. पहिल्याच फौजदारानं रीत पाडून ठेवली होती. “तू इथं खाली अंगठा दे, मी ठाण्यात बसून सुबक अक्षरात लिहितो.” हिरामणला यात वावगं वाटलं नाही. मेलेल्या माणसाचा कागद चांगल्या अक्षरात असावा, एवढा मान त्याला मिळायलाच हवा, असं त्याचं मत होतं. अकराही जण बुडूनच मेलेले, कुणाची तक्रार नाही, कुणावर खटला नाही. त्यामुळे त्या सुबक अक्षरात काय आहे ते कुणी कधी विचारलं नाही.

विचारलं ते फक्त त्याच्या बायकोनं. केसर सुकी मासळी घेऊन बाजार करायची, तिच्या जिभेला मीठ बेताचं आणि मिरची भरपूर. ती म्हणायची, “वास घेतल्याबिगर मी कुनाचं सोडंसुदिक घेत न्हाय. आन तुमी कोऱ्या कागदावर अंगठा देता?”

“तुला काय कळतंय सरकारी कामातलं?” हिरामण म्हणायचा आणि सुई-सुताडा पुढे ओढायचा.

बारावं प्रेत आलं छप्पन-सत्तावन सालच्या हिवाळ्यात, पौष वद्य द्वितीयेच्या सकाळी. ओहोटी पुरी झाली होती, लांबवर खडक उघडे पडले होते. शेजारच्या भिकूनं बोंब ठोकली म्हणून हिरामण लंगडत, बसत-उठत खडकांवरून गेला. बघतो तर कोंडाजी! कोळी नव्हे, वरच्या गावचा, कोसभर आतला भातशेतीवाला. एक पाय खडकाच्या फटीत अडकलेला, डोक्याला मागून खोक, कपडे ओलेचिंब, आणि कमरेला कालवांची टोपली. आदल्या संध्याकाळच्या ओहोटीला कालवं फोडायला आला असणार आणि शेवाळावरून घसरला असणार. अंधार पडला, पाणी भरलं, आणि दर्याची रीत ठाऊक नसलेला माणूस तिथेच राहिला.

आता पाणी फिरायच्या आत त्याला वर न्यायला हवं. हिरामण आणि भिकूनं जुन्या शिडाच्या कापडाची झोळी केली, जाळी वाळवायच्या काठीला बांधली आणि कोंडाजीला उंडीखाली आणून सावलीत ठेवलं. हिरामणचा गुडघा हा असा, त्यामुळे वाळूतून बराचसा रस्ता झोळी ओढतच आणली. टोपली भिकूनं दर्यात सोडली. प्रेतासोबतची खायची वस्तू घरात न्यायची नाही, दर्याची दर्याला परत द्यायची, ही वाडीची रीत.

अकरा वाजता फौजदार आले. नवीन आलेले, पायात नवे कोरे बूट. तोवर खडकांत गुडघाभर पाणी झालं होतं, तिकडे ते गेलेच नाहीत, की प्रेत कुठं सापडलं ते विचारलंही नाही. त्यांनी प्रेत पाहिलं, वाळूवरची ओढल्याची खूण पाहिली, काठीवरचं रक्त पाहिलं, आणि हिरामणला म्हणाले, “पंच, इथं अंगठा.” हिरामणनं दिला. चहा प्याला.

दुसऱ्याच दिवशी बातमी आली की कोंडाजीच्या खुनासाठी त्याच्या धाकट्या भावाला, दादूला, धरलं. दोघा भावांचं त्याच दिवशी सकाळी शेताच्या बांधावरून वाजलं होतं, सगळ्या गावानं ऐकलं होतं. “पोलिसांनी धरलाय म्हंजी कायतरी असंल,” हिरामण म्हणाला. केसर खाली मान घालून बोंबील निवडत राहिली. ती बोलत नसे तेव्हा हिरामणला जास्त भीती वाटे.

तीन आठवड्यांनी समन्स आलं. हिरामणनं ठेवणीतला सदरा घातला, लाल टोपी झटकून डोक्यावर बसवली, आणि नवरा-बायको अलिबागेला कोर्टात गेले. दादूचा खटला वरच्या कोर्टात, म्हणजे थेट फाशीच्या वाटेला, पाठवायचा की नाही हे मॅजिस्ट्रेटसाहेब ठरवणार होते. बाहेर व्हरांड्यात फौजदारांनी हिरामणला बाजूला घेतलं. “काही नाही, दोनच वाक्यं म्हणायची. अंगठा माझा, मजकूर खरा. की मोकळे.”

हिरामण पिंजऱ्यात उभा राहिला. समोर साहेब, सुकलेल्या बोंबलासारखे काटकुळे, नाकावर चष्मा. एका बाजूला दोन पोलिसांच्या मध्ये दादू, दाढी वाढलेला, डोळे खाली, शेजारी त्याचा वकील. कारकुनानं पंचनामा वाचायला घेतला. अंगठा दिलेला कागद हिरामण आयुष्यात पहिल्यांदा ऐकत होता, आणि खरं सांगायचं तर सुरुवातीला तो रंगून गेला. काय ती भाषा! ‘सदर इसमाचे प्रेत भरतीच्या रेषेच्या वर, उंडीच्या झाडाखाली, वाळूवर मिळून आले.’ हिरामणनं मान डोलावली, मग थबकला. ‘प्रेत ओढत नेल्याच्या खुणा स्पष्ट दिसतात.’ हो, आपल्याच त्या. ‘शेजारी रक्ताने माखलेली एक काठी, जिने प्रहार केला असावा.’

त्यानं गर्रकन मान वळवली. कोपऱ्यातल्या टेबलावर चिठ्ठी लावून ठेवलेली ती काठी त्याचीच होती. महिनाभर तो वाडीत घरोघर विचारत फिरला होता की माझी जाळ्याची काठी कुणी ढापली.

साहेबांनी चष्मा वर केला. “डॉक्टर लिहितात, कपडे खाऱ्या पाण्यानं भिजलेले, जखमेत शिंपल्यांचे कण. पंचनामा म्हणतो, प्रेत कोरड्या वाळूवर. मला या दोन कागदांचा मेळ लागत नाही.”

सरकारी वकील उठले. “रात्री उधाणाची भरती होती साहेब. आरोपीनं झाडाखाली मारून टाकला, नंतर पाणी वर आलं, कपडे भिजले.”

“पंच, हा अंगठा तुमचा?”

“माजा, सायेब.”

“मजकूर खरा?”

हिरामणनं फौजदारांकडे पाहिलं. ते मान हलवत होते. खरं बोलावं तर सरकारला फसवलं म्हणून आपणच आत जाणार, पंचपण जाणार, वाडीत तोंड दाखवायला जागा राहणार नाही. खोटं बोलावं तर तो समोरचा पोरगा दोरावर लटकणार. त्यानं दाराशी बसलेल्या केसरकडे पाहिलं. ती मान हलवत नव्हती, नुसती त्याच्याकडे बघत होती.

“अंगठा माजा हाय, सायेब,” तो म्हणाला, “मजकूर माजा न्हाय. अंगठा दिला तवा कागद कोरा व्हता.”

कोर्टात एकदम कालवा उठला. साहेबांनी टेबलावर हात आपटला. मग हिरामण जो बोलत सुटला तो थांबेचना. प्रेत खडकात होतं, ओढलं मी, काठी माझी, रक्त झोळीतून लागलेलं, कमरेला टोपली होती, फौजदार बुटांपायी खडकाकडे फिरकलेच नाहीत.

“टोपली कुठाय?”

“दर्याला दिली, सायेब. आमची रीत हाय.”

“रीत आहे!” सरकारी वकील कडाडले. “म्हणजे पुरावा नाही. आता काय दर्या येणार आहे साक्षीला?”

“येल की,” हिरामण भाबडेपणानं म्हणाला. “द्वितीयेला, दुपारी दीड वाजता.”

सगळं कोर्ट हसलं. साहेब हसले नाहीत. त्यांनी विचारलं, “दीडच कसं?”

“तिथीची पाऊनपट करायची, सायेब. जे येल तितक्या वाजता भरती पुरी. द्वितीया म्हंजी दोन, दोनाची पाऊनपट दीड. दुपारीबी तीच, रातीबी तीच. झाडाखाली पानी येतं का न्हाय, तुमी सवता येऊन बघा. त्या दिशीबी द्वितीयाच व्हती.”

साहेबांनी कारकुनाकडून पंचांग मागवलं. कोर्टात पंचांग उघडलेलं त्या दिवशी अलिबागकरांनी पहिल्यांदा पाहिलं असेल. माघ वद्य द्वितीया चार दिवसांवर होती. “जागेची पाहणी,” साहेब म्हणाले, “आणि फौजदार, तुम्ही बूट काढून यायचं.”

द्वितीयेला खडपवाडीनं एकही होडी दर्यात घातली नाही. कोर्ट वाडीत येणार ही काय लहान गोष्ट? बायकांनी अंगणं सारवली. भिकूनं दोन नारळांची पैज लावली की पाणी उंडीपासून तीस पावलांवर थांबेल. येसूबाई म्हातारीनं वीस पावलांवर लावली. पाणी झाडाखाली पोचेल म्हणून पैज घ्यायला मात्र कुणी पुढे येईना. नऊ वाजता सरकारी जीप आली. साहेब धोतराचा सोगा खोचून, हातात छत्री घेऊन, हिरामणच्या मागोमाग खडकांवर गेले. ती फट पाहिली, फटीच्या कडेची करवतीसारखी शिंपली बोटानं चाचपली. बोट कापलं. “हं,” म्हणाले आणि बोट तोंडात घातलं.

मग सगळे परत येऊन वाट बघत बसले. कारकुनानं टेबल-खुर्ची मांडली ती किनाऱ्याच्या मध्यावर, सपाट, घट्ट वाळूवर.

“भाऊसायेब, थितं नको,” हिरामण म्हणाला. “साडेबाराला पानी टेबलाखाली येल.”

“तू तुझी जाळी बघ,” कारकून म्हणाला.

वाडीनं कोर्टाचा पाहुणचार मांडला. पोलिसांनी तांदळाच्या भाकरी आणि तळलेले बोंबील असे हाणले की वाढणारीचे हात दुखले. साहेब शाकाहारी निघाले, केसरनं त्यांना शहाळी दिली, साहेब तीन प्याले. दादूला हातकडीसकट उंडीखाली बसवलं होतं. केसरनं त्याच्यापुढेही ताट ठेवलं. “जेव बाबा. दर्या कुनाला फशिवत न्हाय.” पण त्यानं ताटाला हात लावला नाही. तो पाण्याकडे एकटक बघत होता. त्याचा जीव त्या पाण्याच्या कडेवर टांगलेला होता, आणि ते पाणी दर लाटेला वर सरकत होतं.

साडेबाराला पाच मिनिटं कमी असताना एक लाट टेबलाखालून सरळ पलीकडे गेली. कारकून दप्तर डोक्यावर घेऊन पळाला, खुर्ची तरंगली, आणि वाडी पोट धरधरून हसली. साहेबसुद्धा छत्रीआड हसले असं केसरनं नंतर शपथेवर सांगितलं.

खडक एकेक करून बुडाले. ती फट पुरुषभर पाण्याखाली गेली. एक वाजला, सव्वा वाजला. सरकारी वकीलही पँट दुमडून पाण्याच्या कडेला उभे होते. साहेबांच्या हातात घड्याळ होतं. एक वाजून पस्तीस मिनिटांनी पाणी थांबलं. पुढची लाट मागच्या लाटेच्या खुणेपर्यंत आली नाही. भिकूनं पावलं मोजली. झाडापासून सव्वीस.

वाडीनं एकच गिल्ला केला. तेवढ्यात हिरामण पुढे झाला. “सायेब, येक बोलू? थंडीच्या दिवसांत रातचं पानी दिवसापरीस जास्ती चढतं.”

केसरनं कपाळावर हात मारला. दादूच्या वकिलानं डोळे मिटले. जिंकलेला डाव हा माणूस हातानं मोडायला निघाला होता.

“किती जास्ती?” साहेबांनी विचारलं.

“ती बघा रातची रेघ.” हिरामणनं वाळूवरची काड्या-शेवाळाची वाळलेली ओळ दाखवली. “पौर्निमेपासनं रोज रातचं पानी थितवर येतंय. त्या म्हैन्यातबी थितवरच आलेलं.”

साहेबांनी ती पावलं स्वतः मोजली. रेघेपासून झाडापर्यंत सतरा भरली. त्यांनी उंडीच्या बुंध्याला हात लावला, खाली बसून वाळू मुठीत घेतली, सोडली. वाळू भुरुभुरु उडाली.

आठवड्यानं निकाल झाला. कोंडाजीचा मृत्यू अपघाती, दादूवर खटला चालवण्याजोगा पुरावा नाही, त्याला सोडावं. जागा न पाहता तपास झाला, म्हणून वरिष्ठांना कळवावं. हिरामणला साहेबांनी भर कोर्टात झाडलं. “तुमच्या अंगठ्यानं एक निरपराध माणूस सव्वा महिना तुरुंगात बसला. तुम्हाला आत टाकायला हवं होतं. पण रात्रीचं पाणी जास्ती चढतं हे तुम्ही न विचारता सांगितलंत, म्हणून सोडतो.”

काठी परत मिळाली. वाडीनं हिरामणला त्याच काठीवर बसवून नाचवायचा बेत केला होता, पण गुडघ्यानं तो हाणून पाडला. शिमगा जवळ आलाच होता. त्या वर्षी होळीभोवती बायका नाचल्या त्या हिरामणच्या नावाची गाणी रचून, आणि त्यात टेबल सोडून पळणारा कारकूनही होता. हिरामण हसत होता, पण साहेबांचं ते एक वाक्य त्याच्या पोटात माशाच्या काट्यासारखं रुतलेलं होतं.

होळीच्या तिसऱ्या दिवशी सकाळी तो उंडीखाली बसलेला असताना दादू आला. हिरामण उठून उभा राहिला. “माज्यामुळं तू आत ग्येलास,” एवढंच कसंबसं म्हणाला.

दादूनं ते ऐकलं न ऐकलंसं केलं. “दादा कुठं पडलेला ते दावा मला,” तो म्हणाला. “मी बघितलंच न्हाय. अग्नीसुदिक देऊ दिला न्हाय मला.”

ओहोटी होती. दोघं खडकांवरून गेले, दादूनं म्हाताऱ्याचा दंड धरला होता. फटीपाशी आल्यावर तो उकिडवा बसला. फटीत हात घालून म्हणाला, “लई तळमळला असंल का वो?”

न्हाय रे, जागच्या जागी गेला. हिरामणच्या ओठांवर आलं होतं. किती सोपं होतं! पण त्यानं गिळलं. “ते मला ठाव न्हाय. मी व्हतो कुठं? बगितलं तेवढंच सांगतो.” आणि त्यानं सांगितलं. पाय असा होता, डोकं असं, तोंड गावाकडे. टोपली कमरेला घट्ट बांधलेली, पाण्यानंही सुटली नव्हती.

“कालवं व्हती म्हनं टोपलीत.”

“व्हय. फोडून, मांस काढून, भेंडीच्या पानांत बांधलेली. दोन वाटं.”

“दोन?”

“येक मोठा, येक बारका.” वाटे घालणं ही कोळ्यांची रोजची गोष्ट. त्यात काही सांगण्यासारखं असेल हे हिरामणच्या ध्यानातच आलं नव्हतं. कोर्टात कुणी विचारलं नाही आणि त्यानं सांगितलं नाही.

दादूचा चेहरा बघता बघता बदलला. “त्याच्या घरात सात खानारी,” तो म्हणाला, “माज्यात आमी दोघंच.” आणि तो हसायला लागला. हसता हसता त्याला रडू फुटलं, लहान पोरासारखं मोठ्यानं. “सकाळी माज्या अंगावर कुदळ घेऊन आला व्हता वो! आन सांजच्याला माजा वाटा बांधला!”

हिरामणही त्याच्याजवळ बसून रडला. रडायला त्याला आता लाज वाटत नव्हती.

पाणी फिरलं तसा दादू उठला. “वैनी माज्याशी बोलत न्हाय अजून. कोर्टानं सोडलं, तिनं न्हाय सोडलं. माजं ती ऐकायची न्हाय. तुमी चला. तुमी पंच हाव.”

कोसभर चढाची वाट, आणि हा गुडघा. हिरामण गेला. दादूनं अर्ध्या वाटेत त्याला पाठुंगळीला घेतलं. कोंडाजीच्या ओटीवर त्याची बायको रंगू तांदूळ पाखडत होती. दिराला बघून तिनं तोंड फिरवलं, सूप मात्र थांबलं. हिरामणनं जे पाहिलं ते सगळं सांगितलं, न वाढवता, न गाळता.

“पानं कशानं बांधलेली?” तिनं पाठमोरीच विचारलं.

“केळीच्या सोपटानं.”

रंगूनं परसातल्या केळीकडे पाहिलं. त्या दिवशी जाताना नवऱ्यानं तिच्यादेखतच सोपटाच्या दोन पट्ट्या सोलून घेतल्या होत्या, आणि दोन कशाला म्हणून तिनं विचारलं तेव्हा नुसता हसला होता. तिनं पदरानं तोंड पुसलं आणि आत हाक मारली, “पोरी, दोन पाटं मांड. भावजी आल्यात जेवायला, संगती पाव्हनं बी हायेत.”